सडा रिकामा नाही

गेल्या महिन्याभरात एकच मजकूर माझ्याकडे चार ठिकाणांहून आला. पहिल्यांदा वाडीच्या ग्रुपवर मुंबईतल्या चुलतभावाने टाकला, मग शाळेच्या, मग सासरवाडीच्या ग्रुपवर दिसला, आणि शेवटी जमिनीचे व्यवहार करणाऱ्या एका ओळखीच्याने वेगळा पाठवला. मजकूर थोडक्यात असा: "कोकणातले सडे म्हणजे ज्वालामुखीचा मेलेला लाव्हा. त्यावर पाणी ठरत नाही, गवताशिवाय काही उगवत नाही. कातळशिल्पांचा गाजावाजा चालतो, ती गुराख्यांनी वेळ घालवायला कोरलेली चित्रं. सातबाऱ्यावरसुद्धा ही जमीन पोटखराबा आहे. तिथे खाण निघाली किंवा कारखाना आला तर कोणाचं काही जात नाही."

माझं घर राजापूर तालुक्यात, सड्याच्या, म्हणजे माथ्यावरच्या सपाट उघड्या कातळाच्या, पायथ्याशी आहे. या मजकुरातलं प्रत्येक वाक्य मला बोचलं, म्हणून एकेकाला उत्तर देतो.

आधी लाव्हा. लाव्हापासून झालेला दगड म्हणजे काळवत्री, आपल्या घाटाच्या कड्यांत दिसतो तो. सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वी लाव्ह्याचे थरावर थर पसरून तो झाला. सड्यावरचा जांभा हा लाव्हा नाही. तो पावसाने आणि उन्हाने घडवलेला दगड आहे. उष्ण, दमट हवेत लाखो वर्षं पाणी मुरत राहिलं, मूळ खडकातली सिलिका विरघळून वाहून गेली आणि लोह आणि ॲल्युमिनियमची ऑक्साइडं मागे राहिली. जांभ्याचा तांबडा रंग त्या लोहाचा, आणि त्याची भोकं जे धुऊन गेलं त्याची जागा. सिंधुदुर्गाच्या दक्षिणेकडे तर काही ठिकाणी जांभ्याखाली काळवत्रीही नाही, त्याहून कितीतरी जुने खडक आहेत. म्हणजे तिथे लाव्ह्याचा संबंधच येत नाही. या दगडाला 'लॅटराइट' हे नाव फ्रान्सिस बुकॅनन यांनी 1807 मध्ये दिलं, मलबारात लोक तो विटांसारखा कापून घरं बांधताना बघून. लॅटिनमध्ये वीट म्हणजे 'लेटर'. आपल्याकडच्या कुठल्याही चिरेखाणीवरच्या माणसाला हे वेगळं सांगायला नको. ताजा चिरा कुऱ्हाडीने तासता येतो, वारा-ऊन लागलं की घट्ट होतो.

आता पाणी. मे महिन्यात सड्यावर उभं राहिलं तर पाणी दिसत नाही, हे खरं. पण पाणी ठरत नाही म्हणजे ते जातं कुठे, हा प्रश्न मजकूर लिहिणाऱ्याला पडलेला दिसत नाही. कोकणात पावसाळ्यात 3000 मिलिमीटरच्या आसपास, कुठे त्याहूनही जास्त पाऊस पडतो. सड्यावर पडलेला पाऊस सगळाच पऱ्ह्यातून समुद्राला जात नाही. जांभ्याच्या भोकांतून, भेगांतून तो खाली मुरतो. जांभ्याखाली बहुतेक ठिकाणी चिकट, पांढुरक्या-जांभळट मातीचा थर असतो, त्यातून पाणी सहज उतरत नाही. मग ते त्या थरावरून आडवं सरकत सड्याच्या कडेला येतं आणि पायथ्याशी झरा होऊन फुटतं. आमच्या जुन्या वाड्या बघा: माथ्यावर क्वचितच, बहुतेक सड्याच्या कुशीला. आमच्या पूर्वजांनी आधी पाणी पाहिलं आणि मग घर बांधलं. वरचा कातळ ही त्या पाण्याची टाकी आहे. खाण मातीच्या थरापर्यंत खोल गेली की ही टाकी फुटते. वरून बघणाऱ्याला मात्र एक खड्डाच दिसतो.

"गवताशिवाय काही उगवत नाही" असं लिहिणारा माणूस जून ते ऑक्टोबर या काळात सड्यावर कधी चढलेला नसावा. पहिला पाऊस होऊन कातळाच्या खाचांत जरा ओल धरली की कोकण दिपकाडी वर येते, लांब नळीची पांढरी फुलं घेऊन. ही कंदाची वनस्पती कोकण-गोव्याच्या या पट्ट्याबाहेर जगात कुठेही नाही. पुढे श्रावण-भाद्रपदात सीतेची आसवं निळ्या-जांभळ्या गालिच्यासारखी पसरतात, गेंदाची पांढरी बटणं डोलायला लागतात, आणि ओल्या कातळावर दवबिंदूची तांबडी, चिकट पानं चमकतात. यातल्या सीतेच्या आसवांची आणि दवबिंदूची गोष्ट मला फार मोलाची वाटते. कातळावर बोटभर माती, आणि तिच्यातला नत्र पावसाने धुऊन नेलेला. मग या वनस्पती किडे पकडून तो नत्र मिळवतात. दवबिंदू पानावरच्या चिकट थेंबांनी पकडतो, सीतेची आसवं ओल्या मातीतल्या बारीक फुग्यांनी. नापीक म्हणून हिणवलेल्या जमिनीवर जगायची ही त्यांची रीत आहे, आणि सुपीक शेतात ती चालणार नाही.

प्राण्यांचं एकच उदाहरण देतो. रत्नागिरी जिल्ह्यातल्या डोर्ले गावातून 1963 मध्ये ग्रँडिसन आणि सोमण यांनी पालीची एक नवी जात जगापुढे मांडली. अंगावर पांढरे पट्टे असलेली ही लहान पाल सड्यावरच्या सुट्या दगडांखाली राहते. आपण बाग करताना गडगा घालायला तेच दगड गोळा करतो. मीही केले आहेत, तिच्याबद्दल वाचेपर्यंत.

आता कातळशिल्पं. मजकुरातली सर्वांत चुकीची गोष्ट ही आहे, म्हणून जरा थांबून लिहितो.

रत्नागिरीजवळ निवळी इथली आकृती अभ्यासकांना बरीच आधीपासून माहीत होती. सुधीर रिसबूड, धनंजय मराठे आणि सुरेंद्र ठाकूरदेसाई यांनी 2012 पासून गावोगावी फिरून, गुराख्यांना आणि जाणत्या माणसांना विचारून शोध घेतला, तेव्हा संख्या शेकड्यांत आणि मग हजाराच्या वर गेली. गुराख्यांचा या गोष्टीशी संबंध इतकाच, की ही चित्रं कुठे आहेत ते त्यांना माहीत होतं. काही गावांत ती पांडवांनी एका रात्रीत काढली असं सांगतात, काही ठिकाणी पूजाही होते. आपल्याच काकाने कोरलेल्या चित्राला कोणी पांडवांचं म्हणत नाही.

कशेळीचा हत्ती डोळ्यांसमोर आणा. सुमारे 18 मीटर लांब, 13 मीटर उंच, आणि त्याच्या पोटात मासे, पक्षी, प्राणी अशा कितीतरी आकृत्या कोरलेल्या. जमिनीवर उभं राहून तो पूर्ण नजरेत मावत नाही. कोणीतरी आधी मनात आखून, मापं धरून तो उतरवला आहे. बारसूला माणसाच्या दोन्ही बाजूंना दोन वाघ आहेत. काही ठिकाणी गेंडा आहे. गेल्या कित्येक पिढ्यांत कोकणातल्या कुठल्या गुराख्याने गेंडा पाहिला? गेंडा आहे म्हणून काहीजण थेट आफ्रिकेपर्यंत पोचतात, तेही नको. गुजरातेत लांघणजच्या उत्खननात मध्याश्मयुगातल्या थरांत गेंड्याचं हाड सापडलं आहे, हडप्पाच्या मुद्रांवरही तो आहे. एके काळी तो पश्चिम भारतात होता. आणि या चित्रांत नांगर नाही, शेत नाही. कोरणारे लोक शिकारीवर आणि मासेमारीवर जगत असावेत, असं अभ्यासक याच आधारावर म्हणतात. मलाही ते पटतं.

पण आपल्या बाजूची माणसंही काही कमी करत नाहीत, तेही सांगायला हवं. "चाळीस हजार वर्षं, कार्बन चाचणीने सिद्ध" हे चूक आहे. कार्बन चाचणीला लाकूड, हाड, कोळसा असं कधीतरी जिवंत असलेलं काही लागतं. दगडात कोरलेल्या रेषेची ती चाचणी होत नाही. वयाचे आजवरचे अंदाज शैलीवरून, चित्रातल्या प्राण्यांवरून आणि परिसरात मिळालेल्या दगडी हत्यारांवरून बांधलेले आहेत. "युनेस्कोने जागतिक वारसा जाहीर केला" हेही चूक. उक्षी, जांभरुण, कशेळी, रुंढे तळी, देवीहसोळ, बारसू, देवाचे गोठणे, कुडोपी आणि गोव्यातलं कुशावतीकाठचं फणसाईमाळ अशा नऊ जागा 2022 मध्ये संभाव्य यादीत आल्या. ती पहिली पायरी आहे. आणि देवाचे गोठणे इथे होकायंत्राची सुई भलतीकडे वळते म्हणून परग्रहावरची माणसं आणू नका. जांभ्यात लोहाची खनिजं ठासून भरलेली असतात, त्यातली काही चुंबकीय. उघड्या कातळावर वीज पडली की तेवढा खडक जोरदार चुंबकत्व धरतो, हे जगात इतरत्रही मोजलेलं आहे. खोटं सांगून वाचवलेली गोष्ट पहिल्याच खऱ्या प्रश्नाला उघडी पडते, म्हणून मी घरच्यांनाही हे मजकूर पुढे पाठवू देत नाही.

पोटखराबा हा महसुलाचा शब्द आहे. लागवडीला अयोग्य म्हणून त्या तुकड्यावर आकार, म्हणजे शेतसारा, बसत नाही, एवढाच त्याचा अर्थ. तलाठ्याने तिथली दिपकाडी मोजलेली नसते.

राहिलं ते "कोणाचं काही जात नाही". आमच्या वाडीची ढोरं पावसाळाभर सड्यावर चरतात. वैरणीचं गवत दिवाळीनंतर तिथूनच येतं. सड्यावरच्या खोलगट जागी दोन घरं अजून भात लावतात. आणि खालच्या बावीत मेअखेरीला, टँकर दुसऱ्या गावांत फिरत असतात तेव्हा, कमरेइतकं पाणी असतं. सोळा घरं ते पितात. मजकूर पाठवणाऱ्या माझ्या चुलतभावाची आई त्यातल्याच एका घरात राहते.