चार जीबीला एक बाइट कमी

आमच्या डोंबिवलीच्या घरात एक माळा आहे. त्यावर काय काय आहे हे सांगत बसण्यापेक्षा काय नाही ते सांगणं सोपं. मागच्या जूनमध्ये ओल नेमकी कुठून येतेय ते बघायला मी वर चढलो आणि तांब्याच्या बंबामागून माझा प्लेस्टेशन टू निघाला, टीव्हीला जोडून गेम खेळायचं मशीन. २००७ साली पहिल्या बोनसमधून घेतलेला, काळा, चपटा, जाडसर वहीएवढा. सोबत बुटांच्या खोक्यात तेवीस डिस्का, सगळ्या अस्सल. त्या काळी चिप मारलेल्या मशीनवर फेरीवाल्याच्या कॉपी डिस्का खेळणारे मित्र मला वेड्यात काढायचे. मी गेम बिलासकट घ्यायचो आणि बिलंही जपायचो. आता त्या बिलांवरची शाई पार उडून गेलीय. ते तेवीस कोरे कागद खोक्यात तसेच आहेत. मालकी हक्काचा माझ्याकडे तेवढाच पुरावा.

शनिवारी कल्याणहून भाचा आला. मी मशीन पुसून टेबलावर मांडलं होतं.

"मामा, ह्यात वायफाय कुठे आहे?"

"नाहीये. हे जगात पंधरा कोटींहून जास्त खपलंय," मी जरा ताठ होऊन म्हणालो.

"मग सगळ्यांनी माळ्यावरच टाकलं का?"

उत्तर न देता मी क्रिकेटची डिस्क घातली. मशीन घरघरलं, खाकरलं आणि पडदा लाल झाला. प्लेस्टेशनची डिस्क घाला, असं त्यावर लिहून आलं. आता घातलेली डिस्क प्लेस्टेशनचीच आहे हे मशीनला पटवायचं कसं? बाहेर काढून उजेडात धरली तर पाठीवर पांढरी, फांद्याफांद्यांची नक्षी. आईने लांबूनच निदान केलं, "बुरशी आहे ती. पापडाला येते तशी."

सतरा-अठरा पावसाळे खाल्लेल्या डिस्का. जुन्या सुती साडीचा तुकडा घेऊन बसलो. डिस्क पुसायची ती मधल्या भोकापासून कडेकडे, सरळ रेषेत. गोल गोल पुसली आणि चरा पडला तर तो डेटाच्या वाटेनेच पडतो आणि मग ती वाचणं अवघड होतं. हे ठाऊक असल्यामुळे मी सरळ पुसत होतो आणि ठाऊक नसल्यामुळे आई शेजारी बसून कढई घासावी तशी गोल गोल पुसत होती. पुसून काही डिस्का चालल्या, काही नाही, कारण मशीनच्या लेन्सचीही नजर आता अधू झालेली. डिस्का फार दिवस टिकणार नाहीत आणि टिकल्या तरी मशीनला दिसणार नाहीत हे उघड होतं. म्हणून ठरवलं की सगळ्यांचा बॅकअप घ्यायचा आणि गेम पेनड्राइव्हवरून खेळायचे.

हे वाक्य लिहायला दहा सेकंद लागली. पुढचा महिना कुठे गेला ते सांगतो.

पहिलं काम मशीनला फितवण्याचं, कारण एरवी ते पेनड्राइव्हवरून गेम चालवतच नाही. पूर्वी त्यासाठी मशीन उघडून आतल्या पट्टीवर केसाएवढ्या तारांना डाग द्यायला लागायचे. डाग देणारा माणूस हळद-कुंकू लावूनच परत करायचा, कारण मशीन पुन्हा चालू होईल की नाही ते देवाच्या हाती. आता एक मेमरी कार्ड मिळतं, आठ एमबीचं, त्यावर फ्री मॅकबूट नावाचं सॉफ्टवेअर बसवलेलं. ते खोबणीत सरकवायचं आणि मशीन सुरू करायचं. मशीन आपला नेहमीचा रस्ता सोडून त्या कार्डाचं ऐकायला लागतं. अगदी शेवटी निघालेल्या ९०००० मालिकेतल्या बहुतेक मशीनवर ही मात्रा चालत नाही. म्हणून मी श्वास रोखून मशीन उलटं करून लेबल वाचलं. ७७०००. त्या दिवशी घरात शिरा झाला. कशासाठी ते आईला नीट कळलं नाही, पण मुलगा पास झालाय एवढं तिने ओळखलं.

मग डिस्का कॉम्प्युटरवर उतरवणं. हल्लीच्या लॅपटॉपला डिस्क घालायला तोंडच नसतं, म्हणून ऑफिसातल्या एका सहकाऱ्याकडून बाहेरून जोडायचा डीव्हीडी ड्राइव्ह मागून आणला. चांगली डिस्क पाव तासात उतरायची. बुरशीची डिस्क उतरवताना मात्र ड्राइव्हमधून असे आवाज यायचे की शेजारच्या काकू एकदा "मिक्सर बिघडलाय का?" विचारून गेल्या.

उतरलेली प्रत मुळासारखी आहे की नाही तेही तपासायचं असतं. त्यासाठी फाइलचा एमडीफाइव्ह नावाचा ठसा काढतात. ही ३२ अक्षरांची एक ओळ असते आणि ती इतरांच्या प्रतीच्या ओळीशी जुळवायची. पत्रिकेत ३६ पैकी १८ गुण जुळले तरी लग्न लागतं. इथे ३२ पैकी ३२ जुळायला हवेत, ३१ वर स्थळ मोडतं. माझी दोन स्थळं मोडली. ती पुन्हा पुसून, पुन्हा दाखवून जुळवून आणली.

आणि मग वेशीवर अडलो.

प्लेस्टेशन टूसाठी पेनड्राइव्ह फॅट-थर्टीटू पद्धतीने फॉरमॅट करायचा, असं मी जिथे तिथे वाचलं होतं. त्या पद्धतीत एका फाइलचा आकार चार जीबीला एक बाइट कमी एवढाच असू शकतो. म्हणजे ४,२९,४९,६७,२९५ बाइट. चारशे एकोणतीस कोटी एकोणपन्नास लाख सदुसष्ट हजार दोनशे पंच्याण्णव. दोनशे शहाण्णवावा आला की दार बंद. आमच्या सोसायटीचा वॉचमनही एवढा काटेकोर नाही. ओळखीचा असेल तर तो सोडतो. डिस्क असते ४.७ जीबीची. सगळेच गेम ती भरत नाहीत, पण माझे आवडते सगळे नेमके गलेलठ्ठ निघाले. 'गॉड ऑफ वॉर टू' तर दोन थरांच्या, साडेआठ जीबीच्या डिस्कवर आलेला.

यावर उपाय म्हणजे फाइलचे तुकडे करायचे. कपाट जिन्यातून वर जात नाही तेव्हा आपण त्याची दारं, फळ्या सुट्या करून नेतो, तसं. एक छोटं सॉफ्टवेअर गेमचे एकेक जीबीचे तुकडे पाडतं, त्यांना अगम्य नावं देतं आणि कोणते तुकडे कुणाचे याची यादी 'यूएल डॉट सीएफजी' नावाच्या चिमुकल्या फाइलीत लिहून ठेवतं. ही यादी म्हणजे मतदारयादी. एका रात्री पेनड्राइव्ह आवरताना मी ती फाइल कचरा समजून उडवली. सगळे तुकडे जागच्या जागी, गेम धडधाकट, पण मशीन म्हणतं एकही गेम नाही. मी स्वतः एका निवडणुकीत आधारकार्ड हातात धरून केंद्रावर उभा राहिलो होतो, "यादीत नाव नाही" हे ऐकत. त्या तुकड्यांच्या मनाची अवस्था मला समजत होती.

यादी पुन्हा केली. गेम दिसायला लागले. निवडला, आणि मशीनने सांगितलं की फाइल विखुरलेली आहे, सुरू होणार नाही.

हे नीट समजावून सांगायला हवं. पेनड्राइव्हवर जागा जशी मोकळी सापडेल तशी फाइल बसते, थोडी इथे, थोडी तिथे. कॉम्प्युटरला त्याचं काही नसतं, तो सगळीकडून गोळा करून आणतो. पण गेम चालवणारा जो ओपन पीएस-टू लोडर मी घेतला होता, त्याच्या त्या आवृत्तीला अख्खी फाइल सलग लागायची. म्हणजे सकाळी ८:१२ च्या फास्टला आठ जणांचं कुटुंब चढावं आणि आजीपासून तान्ह्या बाळापर्यंत सगळ्यांना एकाच बाकावर, ओळीने, मधे परका माणूस न येता जागा मिळावी, नाहीतर आम्ही प्रवासच करणार नाही. डोंबिवलीत राहणाऱ्या माणसाने ही अट वाचली की त्याला हसूही येत नाही. उपाय एकच होता, गाडी कारशेडमधून रिकामी निघताना बसायचं. अख्खा पेनड्राइव्ह फॉरमॅट करायचा आणि एकेक गेम ओळीने चढवायचा. एक चढेपर्यंत दुसऱ्याला हात लावायचा नाही. मधला एखादा उडवून त्या जागी दुसरा बसवायचा मोह तर अजिबात नाही. तेवीस गेम, तीन रात्री. लॅपटॉपवर जागा नव्हती, म्हणून एकेक गेम चढला की तिथली प्रत पुसत गेलो. हे लक्षात ठेवा, पुढे लागेल.

चौथ्या रात्री 'गॉड ऑफ वॉर टू' सुरू झाला. डोळ्यांत पाणी यायचं बाकी होतं. मग गोष्टीचा भाग आला आणि पडद्यावरचा नायक ओरडला. तोंड त्याने नंतर उघडलं. या मशीनची यूएसबी १.१ जातीची आहे. कागदावर सेकंदाला १२ मेगाबिट, म्हणजे दीड एमबी, आणि हातात पडतात त्याहून कमी. मशीनचा स्वतःचा डीव्हीडी ड्राइव्ह याच्या तिपटीहून वेगवान. त्यामुळे खेळ बराचसा ठीक चालतो, पण चित्रफीत आली की सगळे अडखळत बोलतात. लहानपणी ॲन्टेना फिरवताना टीव्ही असाच दिसायचा. मी गच्चीकडे बघून "आलं का?" असं ओरडण्याच्या बेतात होतो.

तरी मी खूश होतो. सहकाऱ्याला ड्राइव्ह परत करताना सगळं सांगितलं. त्याने शांतपणे ऐकलं आणि म्हणाला, "अरे, लोडरची नवी आवृत्ती एक्सफॅटवर चालते की. त्या पद्धतीत चार जीबीची अटच नसते. तुकडे कशाला पाडलेस?" मी त्याला शिऱ्याचा डबा द्यायला आणला होता. तो परत नेला.

घरी आल्यावर मूळ डिस्का खोक्यात भरल्या, वर कोरी बिलं ठेवली आणि झाकणावर जाड पेनने लिहिलं, 'बॅकअप झाला'. खोकं माळ्यावर चढवायचं राहून गेलं.

पुढच्या शनिवारी भाच्याचा शाळेचा प्रकल्प होता, जलचक्र. पानं छापून आणायची होती. मी आंघोळीला गेलो असताना त्याने टेबलावरचा पेनड्राइव्ह उचलला, त्यात प्रकल्प टाकला आणि नाक्यावरच्या झेरॉक्सवाल्याकडे गेला. अर्ध्या तासाने छापील ढग, समुद्र आणि बाष्पीभवन घेऊन परत आला. चेहरा प्रसन्न.

"मामा, तुझ्या पेनड्राइव्हमध्ये व्हायरस होता. कसली कसली नावं असलेल्या शंभर फाइली. त्या काकांनी फॉरमॅट करून दिला. पैसेपण नाही घेतले."

मी ओल्या अंगाने लॅपटॉप उघडला. एकशे अठ्ठावीस जीबीच्या रिकाम्या मैदानात एकच फाइल उभी होती. जलचक्र. प्रकल्प तेवढा त्या भल्या माणसाने आठवणीने परत टाकला होता.

मुलावर ओरडून उपयोग नव्हता. मुळात बॅकअप घ्यायचा तो अशाच दिवसासाठी, असं स्वतःला समजावलं. मग लक्षात आलं की गेला आहे तो बॅकअपच, मूळ तर शाबूत आहे. एकदम हुशारी आली. पुन्हा उतरवू, या वेळी एक्सफॅटवर, या वेळी दोन प्रती. खोकं शोधायला लागलो. टेबलाखाली नाही, पलंगाखाली नाही. माळ्यावर बंब, मोडका पाळणा आणि गणपतीची मखर. शेवटी स्वयंपाकघरात खोकं सापडलं. त्यात कांदे होते. झाकणावर माझ्या अक्षरात 'बॅकअप झाला'. बिलांचे कोरे कागद कांद्यांखाली अंथरलेले.

"आई, यातल्या डिस्का?"

"त्या होय? गॅलरीत."

गॅलरीच्या ग्रिलला मखरीच्या सोनेरी दोऱ्याने तेवीस डिस्का ओळीने टांगल्या होत्या. वाऱ्यावर फिरत होत्या, भिंतभर चकाकते ठिपके पळवत होत्या. एक-दोन डिस्का निळ्या पोटाच्या, सीडीवर आलेल्या जुन्या गेमच्या. त्या त्यात फारच शोभत होत्या. 'गॉड ऑफ वॉर टू'च्या बरोबर वर, ग्रिलच्या आडव्या गजावर एक कबूतर बसलं होतं आणि मान वाकडी करून डिस्कमधल्या स्वतःच्या रूपाकडे बघत होतं. त्याने डिस्कच्या पाठीवर काय करून ठेवलं होतं ते सांगत नाही. मधल्या भोकापासून कडेपर्यंत, सरळ रेषेत ओघळलं होतं.

"अगं, ह्या मूळ डिस्का होत्या!"

"तूच लिहिलंयस ना, झाला म्हणून? झालं की वस्तू रिकामी झाली. कबुतरांनी नुसता उच्छाद मांडलाय. मंडईत जाळी सांगितली तर माणूस चार हजार म्हणाला."

मी स्टूल घेतलं, कात्री घेतली आणि एकेक दोरा कापायला सुरुवात केली. भाचा खाली ताटली धरून उभा. बाविसाव्या डिस्कला आईने हाक मारली.

"अरे, ती क्रिकेटची तेवढी राहू दे. त्या कॅसेटला ती जरा घाबरतात."