‘नायका’ गुहेत घड्याळ मागे पडते का?

मेक्सिकोतील नायका येथील स्फटिकगुहेविषयीचा एक मजकूर, अकरा-बारा मीटर लांबीच्या दुधी स्फटिकांवर उभ्या असलेल्या माणसांच्या छायाचित्रासह, सध्या मोठ्या प्रमाणावर पुढे पाठवला जात आहे. छायाचित्र खरे आहे. मजकुराचे म्हणणे असे की, या गुहेत काळ मंदावतो, स्फटिकांच्या प्रभावाने घड्याळे मागे पडतात, एका फ्रेंच संशोधकाने हे सिद्ध केले आहे, तेथील जिवाणूंसाठी काळ थांबलेलाच आहे, आणि गेल्या वर्षी आत अर्धा तास काढून आलेल्या एका पर्यटकाला बाहेर दोन तास उलटल्याचे आढळले.

पहिल्या विधानाला सापेक्षतावादाचा, म्हणजे गुरुत्वाकर्षणाने काळ मंदावतो या आइन्स्टाइनच्या सिद्धांताचा, आधार दिला आहे. जमिनीच्या पोटात खोलवर ठेवलेले घड्याळ वरच्या घड्याळापेक्षा सावकाश चालते, हे बरोबरच आहे. 2010 मध्ये अमेरिकेत अवघ्या 33 सेंटिमीटर उंचीच्या अंतराने अणुघड्याळांत पडणारा फरकही मोजला गेला. मात्र ही गुहा सुमारे 300 मीटर खोल आहे आणि तेवढ्या खोलीमुळे पडणारा फरक संपूर्ण वर्षात सेकंदाच्या दहा लाखाव्या भागाइतका भरतो. शिवाय नायका उंच पठारावर असल्यामुळे गुहादेखील समुद्रसपाटीपासून सुमारे हजार मीटर वर आहे, म्हणजे मुंबईच्या किनाऱ्यावरील घड्याळाच्या मानाने तेथील काळ, झालाच तर, किंचित पुढे धावतो.

घड्याळांचा मुद्दा अधिक रंजक आहे, कारण त्यात अर्धे सत्य दडलेले आहे. मनगटी घड्याळात सेकंदाला 32,768 वेळा कंप पावणारा स्फटिक क्वार्ट्झचा असतो, तर गुहेतील स्फटिक सेलेनाइटचे, म्हणजे जिप्समचे आहेत. विजेच्या दाबाने कंप पावण्याचा क्वार्ट्झचा गुण जिप्सममध्ये मुळातच नाही, त्यामुळे ‘स्फटिकाचा स्फटिकावर परिणाम’ ही कल्पना तेथेच कोलमडते. घड्याळ मागे पडते ते उष्णतेने. या घड्याळांचे क्वार्ट्झ 25 अंशांच्या आसपास अचूक चालेल असे कापलेले असते. गुहेचे तापमान 58 अंशांपर्यंत जाते, आणि 55 अंशांना साधे क्वार्ट्झ घड्याळ दिवसाला अडीच-पावणेतीन सेकंद मागे पडू शकते. अर्ध्या तासाचा हिशेब केला तर ते सेकंदाच्या दहाव्या भागाइतकेही होत नाही. दीड तासाची तूट कोठून आणणार?

फ्रेंच संशोधक म्हणजे मिशेल सिफ्र. 1962 मध्ये ते आल्प्समधील स्कारासों येथील गोठवणाऱ्या गुहेत घड्याळाविना दोन महिने एकटे राहिले. नायकाची ही गुहा तोवर सापडलेलीच नव्हती. ती 2000 मध्ये खाणकामगारांना बोगदा खोदताना लागली. सिफ्र यांना 14 सप्टेंबरला बाहेर बोलावण्यात आले, तेव्हा त्यांच्या हिशेबाने 20 ऑगस्टच उजाडला होता. सेकंदाला एक या गतीने 120 पर्यंत आकडे मोजायला त्यांना पाच मिनिटे लागत. पण ती पाच मिनिटे मोजली कोणी? दूरध्वनीच्या दुसऱ्या टोकाला बसलेल्या सहकाऱ्यांनी, आपल्या साध्या घड्याळावर. म्हणजे चुकला तो अंधारातील माणसाचा अंदाज. मजकूर लिहिणाऱ्याने हा प्रयोग पुरता वाचला असता, तर तो आपल्या विरुद्ध पुरावा आहे हे त्याच्या लक्षात आले असते.

जिवाणूंविषयी थोडक्यात: स्फटिकांतील द्रवाच्या पोकळ्यांमध्ये दहा ते पन्नास हजार वर्षे सुप्त राहिलेले सूक्ष्मजीव पुन्हा वाढवल्याचे नासाच्या संशोधक पेनेलोपी बॉस्टन यांनी 2017 मध्ये जाहीर केले. ते खरे धरले, तरी सुप्तावस्था हा सजीवाचा गुण आहे. गोदामात पडून राहिलेल्या बियाण्यासाठी काळ थांबला, असे आपण म्हणत नाही.

खरोखर मंद असेल तर ती तेथील रसायनक्रिया. खालच्या शिलारसाने तापलेल्या पाण्यात 58 अंशांच्या जरा खाली अनहायड्राइट, म्हणजे जिप्समचेच पाणीविरहित रूप, विरघळते आणि जिप्सम जमू लागते. तापमान त्या सीमेलगत दीर्घकाळ टिकल्यामुळे मोजकेच स्फटिक धरले आणि ते वाढतच राहिले. 2011 मध्ये मोजलेला वाढीचा वेग वर्षाला अर्ध्या मायक्रॉनपेक्षाही कमी निघाला, म्हणजे केसाच्या जाडीएवढी भर पडायला शतकाहून अधिक काळ आणि, वाढ दोन्ही बाजूंनी होत असल्याने, मीटरभर जाडीला सुमारे दहा लाख वर्षे. हा आकडा काढण्यासाठी काळ सर्वत्र नेहमीच्याच गतीने चालतो असे धरावे लागते.

राहिला तो पर्यटक. 90 टक्क्यांहून अधिक दमट हवेत घाम वाळत नाही, त्यामुळे खास थंड पोशाखाशिवाय तेथे दहा मिनिटेही काढणे धोक्याचे असे. संशोधक पोशाख घालूनही पाऊण तासात बाहेर येत. शिवाय ती गुहा कोरडी होती ती केवळ खाणीतील पंपांमुळे. 2015 मध्ये खाणीत पाणी शिरले, उपसा थांबला आणि गुहा पुन्हा पाण्याने भरली. गेल्या वर्षी कोणी आत गेलाच असेल, तर तो पोहत गेला असला पाहिजे.