"लिबरल झाली म्हणून चर्चेस ओस पडली": हे खरं नाहीये, आणि का नाहीये ते सांगते

सर्वांना सलाम. गेल्या महिन्याभरात एकच मेसेज मला चार ठिकाणांहून आला, दोनदा नगरच्या नातेवाइकांकडून, एकदा पुण्याहून आणि एकदा इथल्याच एका मराठी ख्रिस्ती मित्राकडून. मजकूर थोडक्यात असा: अमेरिकेतली जुनी प्रॉटेस्टंट चर्चेस, म्हणजे मेथडिस्ट, प्रेस्बिटेरियन, लुथरन, एपिस्कोपल, काँग्रिगेशनल वगैरे, मरायला टेकलीत कारण ती बायबल सोडून लिबरल झाली. कडक शिकवण आहे तिथे गर्दी आहे. तरुण हवे असतील तर बँड आणा, स्क्रीन लावा. नाही जमत तर इमारती विका आणि कुलूप लावा, देवाने त्यांच्यावरचा हात काढून घेतलाय.

मी ओहायोतल्या ॲक्रनमधे राहते आणि गेली चौदा वर्षं युनायटेड चर्च ऑफ ख्राइस्ट या पंथाच्या एका छोट्या मंडळीत, म्हणजे चर्चमधे, जाते. रविवारी पंचेचाळीस माणसं असतात आणि बाकं तीनशे जणांची आहेत, त्यामुळे घट होतच नाहीये असं मी कधीच म्हणणार नाही. आमचा हा पंथ 1957 मधे दोन पंथ एकत्र येऊन झाला तेव्हा सभासद 20 लाखांच्या आसपास होते, आता 7 लाखांच्या आसपास आहेत. प्रेस्बिटेरियन चर्च यूएसए 1983 मधे एकत्र झालं तेव्हा 31 लाख सभासद होते, 2023 मधे 11 लाखांच्या आसपास. प्यू रिसर्च या संस्थेच्या सर्वेत 2007 मधे अमेरिकेतले 18 टक्के प्रौढ स्वतःला या जुन्या, म्हणजे इथल्या भाषेत मेनलाइन, पंथांचे म्हणायचे, 2023-24 मधे 11 टक्के. म्हणजे आकडे वाईटच आहेत. पण आजार खरा आहे म्हणून सांगितलेलं कारण आणि औषध पण खरं असतं असं नाही ना.

आता एकेक मुद्दा घेते.

"लिबरल झाली म्हणून माणसं सोडून गेली."

यावर सगळ्यात महत्त्वाचा अभ्यास 2001 चा आहे, मायकेल हाउट, अँड्र्यू ग्रीली आणि मेलिसा वाइल्ड या तीन समाजशास्त्रज्ञांचा. त्यांनी विसाव्या शतकात जन्मलेल्या पिढ्या एकेक करून तपासल्या आणि निघालं काय तर मेनलाइनचा वाटा घटण्याचं साधारण तीन चतुर्थांश कारण पाळण्यात होतं! मेनलाइन घरातल्या बायका आधी शिकल्या, लग्नं उशिरा झाली, मुलं कमी झाली, आणि कॉन्झर्व्हेटिव्ह घरांमधे मुलं लवकर आणि जास्त होत राहिली. दोन पिढ्या असं चाललं की बाकं रिकामी दिसणारच, त्यासाठी कोणी रागावून उठून जायची गरज नाही. दुसरी गोष्ट अशी की पूर्वी बॅप्टिस्ट किंवा पेंटेकॉस्टल घरातला मुलगा शिकून चांगल्या नोकरीला लागला की प्रेस्बिटेरियन नाहीतर एपिस्कोपल व्हायचा, समाजात वर चढल्याची ती खूण होती. ते येणं आटलं. कॉन्झर्व्हेटिव्ह चर्चेसमधे पण सुशिक्षित, पैसेवाले लोक आले, मग पंथ बदलायचं कारणच उरलं नाही.

आणि आपण तुलना कशाशी करतो ते पण बघा. सगळे म्हणतात 1960 साली चर्चेस कशी भरलेली असायची. तो काळच वेगळा होता हो. युद्ध संपलेलं, नवी उपनगरं उभी राहतायत, प्रत्येक घरात तीन-चार मुलं, आणि समोर देव न मानणारा कम्युनिस्ट रशिया, त्यामुळे चर्चला जाणं म्हणजे देशभक्ती. आयझेनहॉवर राष्ट्राध्यक्ष झाल्यावर, 1953 मधे, बाप्तिस्मा घेऊन प्रेस्बिटेरियन झाले. 1954 मधे शाळेतल्या प्रतिज्ञेत देवाचं नाव घातलं गेलं. त्या गर्दीत श्रद्धा किती आणि रिवाज किती हे कोण सांगणार? रिवाजाने आलेली माणसं रिवाज बदलल्यावर गेली. त्यांना आम्ही शिष्य केलंच नव्हतं, ही आमची चूक मी मान्य करते, पण ती चूक लिबरल शिकवणीच्याही आधीची आहे.

नगरच्या माणसांना तर मला एक आठवण मुद्दाम करून द्यायचीय. रॉबर्ट ह्यूम. ह्यूम मेमोरियल हे नाव नगरकरांना सांगायला नको. मुंबईत जन्मलेला हा मिशनरी 1886 मधे अमेरिकेत सुटीवर असताना उघडपणे म्हणाला की ज्यांना जन्मभर सुवार्ता, म्हणजे ख्रिस्ताचा संदेश, ऐकायलाच मिळाली नाही त्यांना मरणानंतर संधी मिळेल अशी आशा धरायला जागा आहे. केवढा गदारोळ! मिशन बोर्डाने त्यांना भारतात परत पाठवणं अडवून धरलं, लिबरल म्हणून. पुढे पाठवलं, आणि त्याच ह्यूमसाहेबांनी नगरला पाळक घडवणारी सेमिनरी सांभाळली, 1899-1900 च्या दुष्काळात रात्रंदिवस मदतकार्य केलं, ख्रिस्ती कवी नारायण वामन टिळकांसारखा माणूस त्यांच्या सहवासात राहिला. आपल्यापैकी कितीतरी घरांचा ख्रिस्ती इतिहास त्याच काळात सुरू होतो. त्या माणसाच्या लिबरल असण्याने मंडळी मेली का?

"कडक शिकवण तिथे गर्दी."

ही कल्पना 1972 पासूनची आहे. डीन केली नावाच्या मेथडिस्ट पाळकाने तेव्हा पुस्तक लिहून मांडलं की जे चर्च माणसाकडून जास्त मागतं ते वाढतं. त्या वेळी ते पटण्यासारखं होतं. पण आता पन्नास वर्षं उलटून गेली, पुढचे आकडे बघायला नकोत का? सदर्न बॅप्टिस्ट कन्व्हेन्शन हा अमेरिकेतला सगळ्यात मोठा प्रॉटेस्टंट पंथ, शिकवण कडक, बाई पाळक नेमली म्हणून चर्चेस बाहेर काढणारा. 2006 मधे सभासद 1 कोटी 63 लाख, आणि आता 1 कोटी 30 लाखांच्या खाली. एकट्या 2022 मधे साडेचार लाखांहून जास्त कमी झाले. लुथरन मिसुरी सिनड पण कॉन्झर्व्हेटिव्ह, तो पण 1970 च्या दशकापासून घसरतोय. गॅलप या सर्वे संस्थेच्या मोजणीत 1999 मधे 70 टक्के अमेरिकन कुठल्या ना कुठल्या चर्चचे, सिनेगॉगचे किंवा मशिदीचे सभासद होते, 2020 मधे 47 टक्के. पाणी सगळ्याच विहिरींचं खाली गेलंय, आमच्या विहिरीचा तळ आधी दिसायला लागला एवढंच.

पण विरुद्ध बाजूचं पण प्रामाणिकपणे सांगायला पाहिजे. कुठल्याच पंथाला न जोडलेली स्वतंत्र चर्चेस खूप वाढलीत, 2020 च्या मोजणीत त्यांची माणसं 2 कोटींच्या वर होती, आणि त्यातली बहुतेक कॉन्झर्व्हेटिव्ह आहेत. कॅनडात ओंटारिओमधे 2016 मधे 22 मेनलाइन चर्चेसचा अभ्यास झाला, त्यात वाढणाऱ्या चर्चेसचे पाळक आणि लोक श्रद्धेने जास्त कॉन्झर्व्हेटिव्ह निघाले. मेसेज लिहिणाऱ्याला हा अभ्यास माहीत असता तर त्याने नक्की वापरला असता. 22 चर्चेसवरून सगळ्या खंडाचा निष्कर्ष काढता येत नाही हे एक. पण मला त्यात एक गोष्ट टोचली आणि ती मी झटकून टाकणार नाही. वाढणाऱ्या चर्चेसच्या पाळकांना आपली श्रद्धा दुसऱ्याला सांगावीशी वाटत होती. आमच्याकडे काय होतं की आम्ही भुकेल्यांना जेवण देतो, निर्वासितांसाठी मोर्चात जातो, पण हे सगळं कोणासाठी करतो ते नाव घ्यायला संकोचतो, समोरच्याला दडपण येईल म्हणून. इतकं की माझ्या शेजारणीला मी चर्चला जाते हे कळायला सहा वर्षं लागली. हे बदलायलाच पाहिजे, आणि त्यासाठी कोणाला दाराबाहेर ठेवणारी शिकवण लागत नाही.

कशी लागत नाही त्याचं उदाहरण शिकागोत आहे. ट्रिनिटी युनायटेड चर्च ऑफ ख्राइस्ट, शहराच्या साउथ साइडला. आमच्याच पंथाचं, देशातल्या सगळ्यात लिबरल पंथांपैकी एकाचं चर्च. 1972 मधे जेरेमाया राइट तिथे पाळक म्हणून आले तेव्हा 87 सभासद होते, आणि 2008 मधे ते निवृत्त झाले तोपर्यंत 8 हजारांच्या आसपास. आधी ते मध्यमवर्गीय काळ्या लोकांचं, गोऱ्या चर्चसारखं दिसायला धडपडणारं चर्च होतं. मंडळीने ठरवलं की आपण काळे आहोत याची लाज नाही आणि ख्रिस्ती आहोत याबद्दल माफी नाही, आणि मग गॉस्पेल संगीत आलं, वस्तीतली माणसं आली. राइट यांच्या प्रवचनांवरून ओबामांच्या निवडणुकीत मोठं वादळ झालं ते सगळ्यांना आठवत असेल, त्या वादात मी इथे शिरत नाही. मला 87 ते 8 हजार हा रस्ता दाखवायचाय. ते चर्च कडक झालं नाही, आपण कोणाच्या वस्तीत उभे आहोत ते त्याने ओळखलं.

"बँड आणा, तरुण येतील."

आमच्याकडे आणला होता. ड्रम, गिटार, भाड्याचा प्रोजेक्टर. आठ महिने चाललं, तरुण आले नाहीत आणि ऑर्गनवर जीव असलेल्या दोन आजी मात्र यायच्या बंद झाल्या, त्याचं मला अजून वाईट वाटतं.

लोक मग नारायण वामन टिळकांचं उदाहरण देतात, की त्यांनी पण संगीत बदललंच ना. हो, पण कसं? त्यांच्या आधी आपल्या मंडळ्यांमधे बरीचशी गाणी इंग्रजी चालींवर मराठी शब्द बसवलेली असायची. टिळकांनी अभंग आणले, ओवी आणली, ख्रिस्ती कीर्तन उभं केलं, कारण ती त्यांच्या कानातली आणि लोकांच्या तोंडातली भाषा होती. उपासना संगीत हे आपलं गीतांचं पुस्तक उघडलं की आजही त्यांची गीतं आपण पुस्तकात न बघता म्हणतो. त्यांनी तरुणांना ओढायचं म्हणून पुण्या-मुंबईतली नाटकातली फॅशन आणून लावली नव्हती. बँड ज्या मंडळीची भाषा आहे तिथे बँड वाजू दे, जिची नाही तिने उसना आणला तर लहान पोराला पण ते कळतं.

"इमारती विका आणि कुलूप लावा."

अर्धं बरोबर आहे हे! विकायला मी पण तयार आहे. प्रश्न कुलपाचा आहे.

व्हर्जिनियात आर्लिंग्टन प्रेस्बिटेरियन चर्च आहे. मंडळी लहान झालेली, इमारत अंगावर आलेली. त्यांनी आजूबाजूला चौकशी केली तेव्हा कळलं की या भागात काम करणाऱ्या माणसांना इथे राहायलाच परवडत नाही. मग त्यांनी जागा परवडणारी घरं बांधणाऱ्या संस्थेला विकली, चर्च पाडलं, आणि 2019 मधे तिथे 173 घरं उभी राहिली. मंडळी मात्र संपली नाही, त्याच इमारतीत खाली जागा घेऊन ती उपासना करते. ज्या लोकांचे बाप्तिस्मे, लग्नं, आईबापांच्या अंत्यविधी त्या भिंतींमधे झाले त्यांनी त्या पाडायला हात वर केले, हे किती अवघड असेल विचार करा. कॅन्सससिटीजवळचं चर्च ऑफ द रिझरेक्शन 1990 मधे अंत्यविधीच्या हॉलमधे सुरू झालं आणि आज ते युनायटेड मेथडिस्ट पंथातलं सगळ्यात मोठं चर्च आहे, तेव्हा इमारतीशिवाय मंडळी असते हे काही पुस्तकी बोलणं नाही.

"देवाने हात काढून घेतलाय."

मला सगळ्यात जास्त त्रास या वाक्याचा झाला, आणि ते नगरहून यावं याचा तर फारच.

12 फेब्रुवारी 1813 ला गॉर्डन हॉल आणि सॅम्युअल नॉट मुंबईत उतरले. त्यांना पाठवणारी मंडळी काँग्रिगेशनल, म्हणजे याच आताच्या "मेलेल्या" युनायटेड चर्च ऑफ ख्राइस्टचे पूर्वज. हॉल तेरा वर्षं तिकडे राहिला, मराठी शिकला, बायबलच्या भाषांतरात राबला, शाळा काढल्या, आणि 1826 मधे नाशिककडून परत येताना कॉलऱ्याने वारला. तोपर्यंत मराठी माणसांचे बाप्तिस्मे जवळजवळ नव्हतेच. संख्येवरूनच देवाचा हात ओळखायचा असेल तर गॉर्डन हॉलवर तो नव्हता असं म्हणावं लागेल. म्हणणार आहोत का आपण तसं? त्याच मिशनच्या सिंथिया फरार यांनी नगरला मुलींच्या शाळा चालवल्या, त्या बघून जोतिराव फुले भारावले. 1842 मधे नगरहून ज्ञानोदय हे नियतकालिक निघालं. बाकं मोजून हे कुठे दिसलं असतं?

आता माझ्या मंडळीचं. ॲक्रनच्या नॉर्थ हिल भागात भूतानमधून हाकलून दिलेले नेपाळी भाषिक हजारोंनी येऊन राहिलेत, बहुतेक हिंदू, काही ख्रिस्ती. त्यांची एक मंडळी आमच्याच इमारतीत रविवारी दुपारी भाड्याने उपासना करते. सहा वर्षं आम्ही एकमेकांना फक्त पार्किंगमधे भेटलो. किचन एकच, पण कपाटं वेगळी आणि आमच्या कपाटाला कुलूप. मला हिंदी येतं, त्यांना येतं, तरी मी कधी बोलायला गेले नव्हते. दोन वर्षांपूर्वी आमचा बॉयलर जानेवारीत बंद पडला तेव्हा त्यांची मुलं हीटर उचलून वर आली आणि त्यांच्या बायकांनी शंभर माणसांचा भात आणि डाळ केली, सगळे तळघरात एकत्र बसलो. त्या दिवशी कुलूप काढलं ते परत लावलं नाही. आता महिन्यातून एकदा प्रभुभोजन एकत्र असतं, दोन भाषांत, आणि खाली जेवण. संडे स्कूलमधे आमची मुलं तीन होती, आता एकवीस आहेत. आमच्या पंचेचाळिसाचे पन्नास झाले नाहीत अजून.

येत्या जूनमधे मतदान आहे की इमारत दोन्ही मंडळ्यांच्या नावावर करायची का आणि चर्चचा कारभार बघणाऱ्या पंच कमिटीत अर्ध्या जागा त्यांना द्यायच्या का. आमच्यातले काही जुने लोक घाबरलेत, ते पण समजण्यासारखं आहे, त्यांच्या आजोबांनी विटा वाहिल्यात तिथे. मी हो म्हणून हात वर करणार आहे, आणि त्याच्या आधीच्या रविवारी एकत्र जेवण आहे तेव्हा वीस किलो तांदूळ आणायचं काम माझ्याकडे आहे.