केशवराव भोसले नाट्यगृह ‘जसं होतं तसं’ म्हणजे नेमकं कसं?

८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री कोल्हापूरचं केशवराव भोसले नाट्यगृह जळालं. दुसऱ्या दिवशी संगीत नाटकांतले गायक-नट केशवराव यांची जयंती होती. छप्पर आणि रंगमंच गेला, दगडी भिंती उभ्या राहिल्या. तेव्हापासून कोल्हापूरकर एकच मागणं मागताहेत : जसं होतं तसं बांधा. माझंही तेच म्हणणं आहे. पण जुन्या फोटोबरहुकूम दर्शनी बाजू उभारणं हे त्यातलं सोपं काम.

शाहू महाराजांनी १९१५ मध्ये हे पॅलेस थिएटर बांधलं तेव्हा माइक नव्हता. प्रेक्षागृहात मध्ये खांब नाही आणि नटाचा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत गेलाच पाहिजे, हे त्या वास्तूचं खरं मोल. ते परत मिळवायचं तर घुमारा, म्हणजे आवाज थांबल्यावर तो विरून जायला लागणारा वेळ, मोजावा लागतो. गद्य संवादाला तो साधारण १ सेकंद हवा, नाट्यपदाला १.३ पर्यंत चालतो. नूतनीकरणात सगळीकडे होतं काय, तर एसीसाठी फॉल्स सीलिंग खाली येतं आणि भिंतींना पातळ कार्पेट चिकटवलं जातं. हे कार्पेट फक्त वरच्या पट्टीतला आवाज खातं, खर्ज तसाच घुमत राहतो. मग ‘स’, ‘त’, ‘क’ विरून जातात, वाक्य ऐकू येतं पण कळत नाही, आणि शेवटी माइक लावावाच लागतो. रंगमंचाजवळचं छत कडक, आवाज परतवणारं हवं. आवाजाचं शोषण मागच्या भिंतीवर करा, कारण तिथून १७ मीटर जास्त फिरून आलेला आवाज पुढच्या रांगांना वेगळा प्रतिध्वनी म्हणून ऐकू येतो.

भिंती टिकल्या म्हणून त्यांच्यावर लगेच भार टाकू नये. जुन्या दगडी बांधकामातल्या चुन्याच्या मसाल्यात लोहयुक्त वाळू असेल, तर ३०० अंशांच्या आसपास तो गुलाबी पडतो. सांधा खरवडला की आच किती आत गेली ते या रंगावरून दिसतं. सैल झालेला मसाला काढून पुन्हा चुनाच भरावा. सिमेंट भरलं की ओल आत अडकते आणि सांध्याऐवजी दगडाची कड फुटते.

आगीच्या बाबतीत मात्र ‘जसं होतं तसं’ अजिबात नको. जाड सागवानी तुळई मिनिटाला अर्ध्या मिलिमीटरच्या आसपासच जळते. उघडं पोलाद ६०० अंशांच्या आसपास निम्मी ताकद गमावतं, म्हणून छप्पर पेलणाऱ्या पोलादी कैच्यांना अग्निरोधक लेप हवाच. खरा धोका झालरी, प्लाय, फोम आणि विंगांच्या कापडाचा. पडद्यांवरचं अग्निरोधक रसायन धुतल्यावर निघून जातं, ते पुन्हा द्यावं लागतं, आणि हे बहुतेक ठिकाणी कोणी पाहत नाही. रंगमंच आणि प्रेक्षागृह यांच्यामध्ये पडणारा अग्निपडदा आणि रंगमंचाच्या माथ्यावर आपोआप उघडणारी धुराची झडप, या दोन गोष्टींवर काटकसर नको.

घुमाऱ्याचा आकडा निविदेतच लिहा. ताबा घेण्याआधी रिकाम्या आणि भरलेल्या प्रेक्षागृहात, माइक बंद ठेवून तो मोजा. शेवटचं बिल त्यानंतर.