लाट सोडून देणारी मुले

सांगलीत सर्फिंगचा, म्हणजे फळीवर उभे राहून समुद्राच्या लाटेवर स्वार होण्याच्या खेळाचा, विषय निघाला की घरातील वडीलधारी मंडळी पैसे किती लागतात आणि बुडण्याची भीती किती, एवढेच विचारतात. दोन्ही प्रश्न रास्तच आहेत. परंतु माझी भाची आणि तिचे मित्रमैत्रिणी कर्नाटकातील मुळकीला जाऊन हा खेळ शिकून आल्यापासून त्यांच्यात जो फरक पडला आहे, त्याकडे कोणाचे फारसे लक्ष नाही.

कृष्णेत पोहायला शिकलेल्यांना पाण्याची भीती उरत नाही आणि समुद्रावर नेमके तेच अंगाशी येते. किनाऱ्यावर आलेले लाटांचे पाणी अनेकदा एका अरुंद पट्ट्यातून वेगाने आत ओढले जाते. तेथे लाटा फारशा फुटत नसल्यामुळे नवख्याला तीच जागा सर्वांत शांत वाटते. त्या ओढीत सापडलेला पट्टीचा पोहणाराही सरळ किनाऱ्याकडे हात मारत राहिला तर दमून जातो. त्याने किनाऱ्याला समांतर पोहत पट्ट्याबाहेर पडायचे असते. पाण्यात उतरण्यापूर्वी या मुलांना वाळूवर बसवून प्रशिक्षकांनी आधी हेच ओळखायला शिकवले. गणपतीपुळ्याला गाडी थांबताच कपड्यांनिशी पाण्याकडे धावणाऱ्या आपल्या सहली आठवल्या, की या बसण्याचे मोल कळते.

परत आल्यावर गच्चीवर चटई टाकून सराव सुरू झाला. पालथे पडायचे, तळवे बरगड्यांजवळ टेकवायचे आणि एका झटक्यात दोन्ही पायांवर उभे राहायचे. गुडघा टेकला की ती खेप बाद. आमच्या तालमीतल्या आजोबांनी हे पाहून ‘हे तर आमचे दंडच की!’ असा निकाल दिला.

मला स्वतःला या खेळाचा एक नियम फार आवडला. लाट जेथे फुटते, त्याच्या सर्वांत जवळ जो असेल, लाट त्याची. इतरांनी ती सोडून द्यायची. प्रत्येक गोष्टीत पुढे घुसण्याची सवय लागलेल्या वयात हे सोपे नाही. समुद्र माणूस घडवतो, ही भाषा मात्र मला पटत नाही, कारण त्याच समुद्रावर एकमेकांना चिथावून खोल पाण्यात नेणारी टोळकीही असतात. सगळा फरक सोबतीचा आहे.

पावसाळ्याच्या तोंडावर याच मुलांचा गुहागरचा बेत ठरत होता. १ जून ते ३१ जुलै या काळात यांत्रिक नौकांच्या मासेमारीलाही बंदी असते, मग आपण कशाला उतरायचे, असे म्हणून त्यांच्यातल्याच एका मुलीने तो मोडला, आणि तिला भित्री म्हणणारा त्यांच्यात एकही निघाला नाही.