मोठ्या माणसांनाही कच्ची वही लागते

शाळेत प्रत्येकाकडे दोन वह्या असायच्या. पक्की वही तपासायला जायची. तिच्यात समास आखलेला, शीर्षकाला अधोरेखा, खाली लाल शाईतला शेरा. गणित मात्र सुटायचं कच्च्या वहीत. तिथं आकडेमोड तिरकी, कडेला कुणाचं तरी तोंड काढलेलं, पान उलटं धरून लिहिलेलं काहीबाही. शाळा सुटली आणि आपण कच्ची वही टाकून दिली, पक्की तेवढी जवळ ठेवली. आता 'जर्नलिंग', म्हणजे रोज मनातलं वहीत उतरवणं, करायचं म्हणून लोक जाड पुठ्ठ्याची देखणी डायरी आणतात, पहिल्या पानावर वळणदार अक्षरात नाव घालतात आणि चार पानांनंतर ती कपाटात जाते. अशा वेळी स्वतःला आळशी म्हणू नका. महागाच्या कागदावर वेडंवाकडं काढायला हात धजत नाही, एवढंच त्याचं कारण आहे. आणि वेडंवाकडं काढल्याशिवाय नवीन काही सुचत नाही, हे माझं ठाम मत आहे.

म्हणून वही घरीच शिवा. झेरॉक्सच्या दुकानातले ए-फोर आकाराचे ५ कागद पुरतात. एका बाजूनं छापून वाया गेलेले मिळाले तर फारच छान, पान आधीच 'खराब' असतं. नुसतं लिहायला ७५ जीएसएमचा (जीएसएम म्हणजे एक चौरस मीटर कागदाचं ग्रॅममधलं वजन) कागद चालतो. चहा, हळद, रंग लावायचे असतील तर १२० ते १५० जीएसएमचा ड्रॉइंग पेपर घ्या, पातळ कागद ओला झाला की चुण्या पडून फाटतो. कागद एकात एक घालून मधोमध दुमडले की १० पानं, म्हणजे २० बाजू तयार. मुखपृष्ठाला जुनी लग्नपत्रिका किंवा मिठाईच्या खोक्याचा पुठ्ठा. आपल्या सोलापुरात जकार्ड मागाची, म्हणजे नक्षी विणणाऱ्या मागाची जुनी, भोकं पाडलेली कार्डं भंगारात मिळाली तर दोन-तीन पट्ट्या शेजारी चिकटवून घ्या. इतकं चिवट मुखपृष्ठ विकत मिळायचं नाही.

मुखपृष्ठासकट घडीवर दाभणानं तीन भोकं पाडा: एक मधोमध, दोन वरच्या-खालच्या टोकापासून ३ सेंमी आत. ५० ते ५५ सेंमी जाड सूत ओवा. आतल्या बाजूनं मधल्या भोकातून सुई बाहेर काढा, वरच्या भोकातून आत घ्या, आतून थेट खालच्या भोकाशी जाऊन बाहेर काढा आणि मधल्या भोकातून परत आत. आत एक लांब टाका दिसेल. सुताची दोन्ही टोकं त्याच्या दोन बाजूंना घेऊन त्यावर गाठ मारा. हमखास बिघडतं ते दोरा ओढताना. तो घडीच्या रेषेतच ओढायचा. आपल्या अंगाकडे किंवा वर ओढलात तर भोक फाटतं आणि पानं सैल होतात.

पहिलं पान डाव्या हातानं भरा. डावखुऱ्यांनी उजव्या. काय लिहिलंय ते महत्त्वाचं नाही, पान एकदा बिघडलं की पुढचं सोपं जातं.

दुसरा प्रयोग बघण्याचा. सोलापुरी चादरीचा एक कोपरा समोर धरा, पेन्सिल कागदावर टेकवा आणि कागदाकडे अजिबात न बघता २ मिनिटं नक्षीची कड काढत राहा. पेन्सिल उचलायची नाही. लोक हळूच डोकावतात, मग हात पुन्हा 'छान' काढायला लागतो. उपाय साधा आहे. पुठ्ठ्याच्या तळहाताएवढ्या तुकड्याला भोक पाडून पेन्सिल त्यातून आरपार घाला. हात झाकला जातो, डोकावून उपयोग राहत नाही.

तीच चादर आता ग्राफ पेपरवर. जकार्डची नक्षी मुळात अशीच, एकेक चौकट भरून तयार करायची रीत आहे. मग त्यावरून कार्डं पंच होतात. २० × २० चौकटींत मोर किंवा चौकडा उतरवा. नंतर दुसऱ्या कागदावर उतरवताना दर तिसरी ओळ एक चौकट उजवीकडे सरकवा. मागावर एक कार्ड चुकलं तर ती चूक नक्षीच्या प्रत्येक फेऱ्यात उमटते आणि माल नापास होतो. कागदावर तीच चूक मुद्दाम करून बघा. मोराची मान तुटते, पण पिसाऱ्यातून एखादी अशी लाट निघते की ती ठरवून कुणाला काढता आली नसती. मला या सगळ्या प्रयोगांत हा सर्वांत मोलाचा वाटतो. कारण इथं चूक का फळते ते डोळ्यांना दिसतं: ती नियमानं पुन्हा पुन्हा येते म्हणून. एकदाच झालेली चूक डाग वाटते. तीच दहा वेळा झाली की नक्षी होते.

हळदीचं पान मुलांना फार आवडतं. अर्धा चमचा हळद दोन मोठे चमचे पाण्यात कालवून ब्रशनं पानभर लावा, पूर्ण वाळू द्या. पानाच्या चुन्याचा वाटाण्याएवढा गोळा दोन चमचे पाण्यात ढवळा आणि वरचं पाणी कापसाच्या काडीनं घेऊन त्या पिवळ्यावर लिहा. अक्षरं लालसर उमटतात. चुना अल्कधर्मी असतो, त्यानं हळदीचा रंग बदलतो. चुना मुलांच्या डोळ्यांजवळ जाऊ देऊ नका. आणि हा रंग टिकणार नाही, हे धरूनच चाला. हळद उजेडानं उडते, आपल्या एप्रिलच्या उन्हात तर लवकरच.

बस किंवा एटीएमच्या पावत्या चिकटवणाऱ्यांसाठी एक सूचना. त्या उष्णतेनं छापल्या जाणाऱ्या कागदाच्या असतात, काही महिन्यांत अक्षरं पुसट होतात. शेजारी पेनानं मजकूर उतरवून ठेवा. चिकटवायला फेविकॉल अगदी पातळ थरात, पुठ्ठ्याच्या तुकड्याच्या कडेनं पसरवलेला. थर जाड झाला की पान आक्रसतं. खूप चिकटवाचिकटवी करणार असाल तर वहीतलं एखादं पान दीड सेंमीची पट्टी ठेवून कापून टाका, नाहीतर वही फुगून मिटत नाही.

कानावर पडेल ते लिहिण्याचं पान सोलापूरइतकं दुसरीकडे क्वचितच रंगेल. सात रस्त्यावर किंवा नवी पेठेत १० मिनिटं उभे राहा आणि ऐकू येईल तसं देवनागरीत उतरवा. तेलुगूतलं 'तिन्नावा', कन्नडमधलं 'ऊट आयता', मराठीतलं 'जेवलास का', सगळं एकाखाली एक. तेलुगू, कन्नड येत नसेल तर चुकीचं लिहिलं जाईल. जाऊ द्या. भाषा दुरुस्त करायला थांबलात की पुढची तीन वाक्यं निसटतात.

आता सगळ्यांत मोठी अडचण, जिच्याबद्दल कुणी बोलत नाही. दोन खोल्यांच्या घरात, सासू-सासरे, दीर, मुलं यांच्यात वही लपवायची कुठे? अनेक बायका याच भीतीनं लिहीत नाहीत. त्यांच्यासाठी आडवं-उभं लेखन. पान भरून लिहा, वही काटकोनात फिरवा आणि त्याच ओळींवर पुन्हा लिहा. एकोणिसाव्या शतकात इंग्लंडमध्ये टपालखर्च वाचवायला लोक अशी पत्रं लिहीत. तिसऱ्यांदा तिरकं लिहिलंत तर ते कुणालाच वाचता येत नाही, आणि मनातलं मात्र कागदावर उतरलेलं असतं.

मनावर खरंच ओझं असेल तर मात्र हा खेळ पुरणार नाही, त्याची रीत वेगळी आहे. जेम्स पेनेबेकर या मानसशास्त्रज्ञानं १९८६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात विद्यार्थ्यांनी सलग ४ दिवस, रोज १५ मिनिटं दुखऱ्या अनुभवांवर लिहिलं होतं. ते जड काम आहे. फार त्रास होत असेल तर डॉक्टरांशी बोला.

रोजची वेळ ७ मिनिटं, गजर लावून. पानावर तारीख घालू नका, नुसता क्रमांक घाला. तारखा घातल्या की चुकलेले दिवस दिसतात आणि वही बंद पडते. फोटो काढून सोशल मीडियावर टाकायचा मोह वही संपेपर्यंत आवरा. बघणारा आला की कच्ची वही पक्की होते. भरलेली वही महिनाभर उघडू नका. मग पेन्सिल घेऊन बसा आणि २० बाजूंमधून फक्त तीन जागांवर खूण करा: एखादी ओळ, एखादा आकार, एखादं ऐकलेलं वाक्य. कविता, रांगोळी, ब्लाऊजची नक्षी, दुकानाची पाटी, जे काही करायचं असेल ते त्या तीन खुणांपासून सुरू करा.