४२ पैकी ३४: एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. पहिल्यांदा राग आला. दुसऱ्यांदा लक्षात आलं की निदान एका मुद्द्यावर तुम्ही सरळसरळ बरोबर आहात. उत्तर लांबत गेलं म्हणून वेगळंच टाकतोय.

मूळ लेख ज्यांनी वाचला नसेल त्यांच्यासाठी: म्होरके टिपून जिहादी संघटना संपत नाहीत, असं मी त्यात म्हटलं होतं. त्यावर तुमचे आक्षेप तीन. आयसिस या इराक-सीरियातल्या जिहादी संघटनेचा जन्म मी २०१३ चा सांगितला ती ढोबळ चूक आहे. तिने जाहीर केलेली ‘खिलाफत’, म्हणजे धर्मराज्य, बॉम्बनीच संपवली हे कबूल करायला मी कचरतो. आणि सगळ्याचं मूळ विचारसरणीत असताना त्याबद्दल बोलायची माझी हिंमत नाही, म्हणून मी ‘कारभार, तुरुंग, टोळ्यांची भांडणं’ अशा पळवाटा शोधतो.

चूक आधी निस्तरतो. एप्रिल २०१३ मध्ये फक्त नाव बदललं, सीरिया जोडला गेला. ‘इस्लामिक स्टेट ऑफ इराक’ ऑक्टोबर २००६ मध्येच जाहीर झालं होतं, आणि त्याच्याही मागे अबू मुसाब अल-झरकावीचा गट होता, ज्याने २००४ मध्ये बिन लादेनशी निष्ठा जाहीर केली. लेखात दुरुस्ती केली आहे, आभार. पण या दुरुस्तीने तुमचा दुसरा आक्षेप अडचणीत येतो, कारण २००६ ते २०१४ ही जी वर्षं माझ्या लेखातून गळाली होती, त्यांतच सगळी गोष्ट दडलेली आहे.

झरकावी ७ जून २००६ ला बाकुबाजवळच्या हवाई हल्ल्यात मेला. चार महिन्यांत त्याच्या माणसांनी ‘राज्य’ जाहीर केलं. त्याचं कंबरडं मोडलं पुढच्या दोन वर्षांत. इराकच्या पश्चिमेकडच्या अन्बार प्रांतातल्या सुन्नी टोळ्या या लोकांना विटल्या होत्या. बाहेरून आलेले लढवय्ये त्यांच्या मुलींना मागण्या घालत, चोरट्या व्यापारात हात मारत, आडवा येणाऱ्या शेखाला ठार करत. सप्टेंबर २००६ मध्ये रमादीत शेख अब्दुल सत्तार अबू रिशाने टोळ्यांची आघाडी बांधली. तिला नाव पडलं ‘सहवा’, म्हणजे जाग. २००७ मध्ये अमेरिकेने जादा फौज आणली आणि या टोळीवाल्यांना महिना सुमारे ३०० डॉलर देऊन नाक्यानाक्यावर उभं केलं. त्यांची संख्या लाखाच्या घरात गेली. गावातलाच माणूस नाक्यावर असला की परका कोण हे त्याला कुणी सांगावं लागत नाही. अबू रिशा स्वतः वर्षभरात बॉम्बस्फोटात मारला गेला, तरी आघाडी टिकली. (म्होरक्या गेल्याने काही मोडत नाही हे इथे उलट्या बाजूनेही दिसतं!)

एप्रिल २०१० मध्ये तिक्रितजवळ संघटनेचे दोन्ही सर्वोच्च नेते, अबू उमर अल-बगदादी आणि अबू अय्यूब अल-मसरी, एकाच कारवाईत संपले. जूनमध्ये इराकमधल्या अमेरिकी फौजेचे प्रमुख जनरल रे ओडिएर्नो यांनी पत्रकारांना सांगितलं की सुमारे तीन महिन्यांत वरच्या ४२ नेत्यांपैकी ३४ मारले किंवा पकडले. हा आकडा खोटा नव्हता, फुगवलेलाही नव्हता. तुमच्या मापाने मोजलं तर याहून मोठं यश कुठलं?

आणि १० जून २०१४ ला मोसुल शहर याच संघटनेच्या हाती पडलं. मधल्या चार वर्षांत काय झालं, हाच माझा सगळा वाद आहे.

सहवाच्या माणसांपैकी पाचव्या हिश्श्याला फौज-पोलिसांत घेऊ, बाकीच्यांना दुसरी कामं देऊ, असा शब्द होता. २००८ च्या शेवटापासून त्यांचा पगार बगदादच्या सरकारकडे गेला. शिया पंतप्रधान नूरी अल-मलिकींच्या सरकारला या सशस्त्र सुन्नींचा भरवसा वाटत नव्हता. पगार रखडले, नोकऱ्या थोड्यांनाच मिळाल्या, काही म्होरक्यांना अटक झाली. सरकारने ज्यांना वाऱ्यावर सोडलं त्यांना ही संघटना एकेक करून घरात, रस्त्यात टिपत राहिली. डिसेंबर २०१२ मध्ये सुन्नी अर्थमंत्री राफी अल-इसावींच्या अंगरक्षकांना पकडलं, तेव्हा अन्बारमध्ये लोक रस्त्यावर ठाण मांडून बसले. एप्रिल २०१३ मध्ये हवीजात फौजेने निदर्शकांच्या छावणीवर कारवाई केली, त्यात डझनांनी माणसं मेली. वर्षअखेरीला रमादीचा तळ उठवला आणि काही दिवसांत फलुजा हातचं गेलं. कुंपणच शेत खात असल्यावर राखणीला कोण येणार?

मोसुलमध्ये तर ही संघटना शहर ताब्यात घेण्याच्या कितीतरी आधीपासून दुकानदारांकडून, कंत्राटदारांकडून हप्ते घेत होती. दिवसा सरकार, रात्री ते. जून २०१४ मध्ये फौज पळाली तेव्हा शहराने एका रात्रीत मालक बदलला असं जगाला वाटलं. तिथल्या व्यापाऱ्याला तसं वाटलं नसावं.

आता तुरुंग. यावर तुम्ही ‘कैद्यांचा कळवळा’ म्हणून टोमणा मारला आहे. कळवळा बाजूला ठेवा, नुसता हिशोब बघा. पुढे आयसिसचा म्होरक्या झालेला अबू बक्र अल-बगदादी २००४ मध्ये दक्षिण इराकमधल्या कॅम्प बुक्का या अमेरिकी छावणीत काही महिने होता. तिथे एकाच आवारात कट्टर जिहादी, २००३ मध्ये बरखास्त केलेल्या फौजेतले अधिकारी आणि धाडीत सापडलेला कुणीही, असे हजारो लोक कोंडलेले. ओळखी व्हायला आणखी काय हवं? बाहेर सुटल्यावर याच ओळखींवर पुढची फळी उभी राहिली. मग जुलै २०१२ पासून ‘भिंती फोडा’ नावाची वर्षभराची मोहीम चालली आणि जुलै २०१३ मध्ये अबू ग्रेब तुरुंगावर हल्ला करून सुमारे ५०० कैदी पळवले. मेलेल्या-पकडलेल्या त्या ३४ जणांच्या जागा भरायला माणसं अशी आली. येमेनमध्ये हेच आधी घडलं होतं: फेब्रुवारी २००६ मध्ये सना इथल्या तुरुंगातून २३ जण भुयार खणून निसटले, त्यातला नासिर अल-वुहायशी पुढे अरबी द्वीपकल्पातल्या अल-कायदाचा प्रमुख झाला.

बॉम्बबद्दल. मी कचरत नाही, लिहूनच देतो: ऑगस्ट २०१४ मध्ये इराकमधल्या सिंजारच्या डोंगरावर यझिदी या अल्पसंख्य धर्माचे लोक आयसिसच्या वेढ्यात अडकले होते तेव्हा कारभार सुधारण्याच्या गप्पांनी कुणाचा जीव वाचला नसता. हवाई हल्ल्यांवाचून सीरियातलं कुर्दांचं कोबानी शहर टिकलं नसतं. पण मोसुल परत घ्यायला ऑक्टोबर २०१६ ते जुलै २०१७ असे नऊ महिने लागले, आणि ते घेतलं गल्लोगल्ली लढणाऱ्या इराकी जवानांनी. सीरियातली त्यांची राजधानी रक्का आणि शेवटी मार्च २०१९ मध्ये त्यांच्या ताब्यातलं अखेरचं गाव बाघूझ घेतलं कुर्द आणि अरब लढवय्यांनी. विमानं वरून मदत करत होती. जमीन धरून ठेवणारं कुणीतरी खाली असावं लागतं, आणि उद्याही ते तिथे असावं लागतं. मूळ लेखात मी लष्करी कारवाईला ‘निरुपयोगी’ म्हटलं होतं, तो शब्द मागे घेतो. तिच्याने मुदत मिळते. २०१० मध्ये चार वर्षांची मुदत मिळाली होती, ती बगदादने वाया घालवली.

तिसरा आक्षेप सगळ्यात गंभीर आहे. विचारसरणीला मी लेखात एका परिच्छेदात गुंडाळलं, हे खरं. तक्फीर, म्हणजे दुसऱ्या मुसलमानाला धर्मभ्रष्ट ठरवून त्याचा खून वैध मानणं, हे समजून घेतल्याशिवाय झरकावी शियांच्या बाजारात गाड्या का उडवत होता ते कळतच नाही. गरिबीने किंवा बेकारीने माणूस तिथवर जात नाही. आणि या विचाराचे सर्वाधिक बळी मुसलमानच आहेत.

फक्त तुमच्या दोन मुद्द्यांचे पाय एकमेकांत अडकतात. रोग निव्वळ विचारांचा असेल तर त्यावर निव्वळ बॉम्ब हे औषध कसं? विचाराशी लढाई झाली आहे, आणि ती बरेचदा आतूनच झाली आहे. इजिप्तच्या अल-गमा अल-इस्लामिया या जिहादी संघटनेच्या तुरुंगातल्या नेत्यांनी जुलै १९९७ मध्ये शस्त्रं खाली ठेवण्याची घोषणा केली. नोव्हेंबरमध्ये त्यांच्याच एका गटाने लक्सर या पर्यटनस्थळी ६२ जणांची कत्तल केली, लोक खवळले, संघटना आतूनच फाटली आणि शस्त्रत्यागाची बाजू वरचढ ठरली. पुढे त्या नेत्यांनी आपलीच जुनी मतं खोडणारी पुस्तकं लिहिली. २००७ मध्ये सय्यद इमाम अल-शरीफ, ज्याचं लिखाण अल-कायदाच्या छावण्यांत शिकवलं जाई, त्याने तुरुंगातूनच त्या हिंसेवर टीका करणारा मजकूर लिहिला. अल-कायदाचा तेव्हाचा दुसऱ्या क्रमांकाचा नेता अयमान अल-झवाहिरीला त्यावर अख्खं पुस्तक लिहून उत्तर द्यावं लागलं. तुरुंगात लिहिलेलं म्हणून संशय घ्यायला जागा आहे, घ्या. पण झवाहिरीला ते झोंबलं होतं एवढं नक्की. याच झवाहिरीने जुलै २००५ मध्ये झरकावीला पत्र पाठवून समजावलं होतं की अर्ध्याहून अधिक लढाई प्रसारमाध्यमांच्या मैदानात आहे, ओलिसांच्या कत्तलीची दृश्यं दाखवून लोकांना दूर लोटू नकोस. म्हणजे लोक आपल्याला सोडतील ही भीती त्यालाही होतीच.

शिवाय एकच विचार सगळीकडे सारखा रुजत नाही. पश्चिम आफ्रिकेतल्या मालीकडे बघा. जानेवारी २०१३ मध्ये फ्रेंच फौज उतरली आणि महिनाभरात जिहादींच्या ताब्यातलं टिंबक्टू शहर मोकळं झालं. तिथे फ्रान्सच्या राष्ट्राध्यक्षांचं जंगी स्वागत झालं. दोन वर्षांत देशाच्या मध्यभागात अमादू कूफा या जिहादी म्होरक्याचे लोक उभे राहिले. फुलानी गुराख्यांच्या चराईच्या जागांवरून भांडणं होती, वनखात्याचे शिपाई दंड उकळत होते, न्यायासाठी लाच मागितली जात होती. कूफाचे लोक झटपट निवाडे करत. निवाडे क्रूर असत, पण होत. मार्च २०२२ मध्ये मूरा गावात सरकारी फौज आणि तिच्यासोबतच्या परदेशी सैनिकांनी किमान ५०० माणसं मारली असं संयुक्त राष्ट्रांच्या चौकशीत आलं. अशा गावातल्या पोराला विचारसरणी समजावायला कुणी मौलवी लागतो का? मधल्या काळात फ्रान्सने अल-कायदाच्या उत्तर आफ्रिकी शाखेचा प्रमुख द्रुकदेल टिपला, आयसिसच्या सहारातल्या शाखेचा प्रमुख अल-सहरावी टिपला. फ्रान्स २०२२ मध्ये माली सोडून गेला, कूफाची संघटना आहे तिथेच आहे, किंबहुना पसरली आहे. हरळी वरून कितीही कापली तरी पावसाळ्यात तिचं काय होतं ते शेतकऱ्याला विचारा.

‘ठराव आणि काळ्या-करड्या याद्या म्हणजे कागदी वाघ’ हे तुमचं वाक्य मला आवडलं, पण अर्धंच पटलं. पाकिस्तान जून २०१८ ते ऑक्टोबर २०२२ एफएटीएफच्या, म्हणजे दहशतवादाला मिळणाऱ्या पैशावर नजर ठेवणाऱ्या आंतरराष्ट्रीय गटाच्या, करड्या यादीत होता. हाफिज सईदला त्या काळात शिक्षा झाली ती दहशतवादाला पैसा पुरवल्याबद्दल. मुंबईवरच्या हल्ल्यात मेलेल्या १६६ जणांबद्दल नव्हे. कागदाने दात दाखवले खरे, पण चावा घेतला दुसरीकडेच.

शेवटी एक गोष्ट, जी तुमच्या चौकटीत बसत नाही आणि माझ्याही. इराकमधल्या अमेरिकी तुरुंगांत, कॅम्प बुक्कासकट, आणखी एक तरुण सीरियन काही वर्षं होता. सुटल्यावर बगदादीने त्याला सीरियात शाखा काढायला पाठवलं. २०१३ मध्ये तो बगदादीपासून फुटला, २०१६ मध्ये अल-कायदापासून वेगळा झाला. अमेरिकेने त्याच्यावर एक कोटी डॉलरचं इनाम लावलं होतं. त्याच्यावर बॉम्ब पडून तो मेला नाही, आणि कुणा मौलवीने त्याचं मतपरिवर्तन केल्याचंही ऐकिवात नाही. डिसेंबर २०२४ मध्ये तो दमास्कसमध्ये सत्तेवर आला, आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये व्हाइट हाउसमध्ये ट्रम्पना भेटला. त्याच सुमारास त्याचा देश आयसिसविरोधी आघाडीत सामील झाला. अहमद अल-शराला कुठल्या रकान्यात टाकायचं यावर पुढचा लेख लिहायला घेतलाय. तुमची प्रतिक्रिया त्यावर येईलच, तेव्हा हातचं राखून ठेवू नका.